मुक्कामी कॅमेरा

डिसेंबर २०२४ मध्ये येडशीजवळच्या रामलिंग घाट अभयारण्यात एका कॅमेरा ट्रॅपसमोरून नर वाघ चालत गेला. अंगावरच्या पट्ट्यांची ठेवण जुळवून पाहिल्यावर तो यवतमाळ जिल्ह्यातल्या टिपेश्वर अभयारण्यातला असल्याचे निष्पन्न झाले. टिपेश्वर ते येडशी हे अंतर पाचशे किलोमीटरच्या आसपास भरते आणि मधल्या मुलखात सलग जंगल नाही. ओढ्याकाठची झाडी, पडीक गायराने, उसाचे फड, तुरीची शेते, मधूनच डोंगराची एखादी धार आणि रहदारीचे रस्ते एवढ्याच आधारावर तो धाराशिव जिल्ह्यात पोचला. पुढचे सगळे बातम्यांमध्ये आले. जनावरे मारली गेली, रात्री पिकाला पाणी द्यायला रानात जायची लोकांना धास्ती वाटू लागली, वनविभागाची पथके आली, त्याला बेशुद्ध करून सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात नेण्याचे प्रयत्न सुरू झाले. पाचशे किलोमीटरच्या त्या वाटचालीला मात्र बातमीत एका वाक्याची जागा मिळाली. तो कोणत्या ओढ्याने आला, कोणाच्या उसात थांबला, ज्या मुलखाला आपण ओसाड म्हणून मोकळे होतो त्याने त्याला आसरा कसा दिला, हे सांगणे कोणत्याच वाहिनीच्या कामात बसत नव्हते. ते काम माहितीपट करणाऱ्याचे आहे, आणि तेही स्वतःच्या हिमतीवर, स्वतःच्या वेळापत्रकाने काम करणाऱ्याचे. धाराशिवसारख्या जिल्ह्याचा निसर्ग पडद्यावर यायचा असेल तर तो पाहुण्या कॅमेऱ्याला दिसणार नाही, वर्षानुवर्षे मुक्काम ठोकणाऱ्या स्वतंत्र माहितीपटकारालाच दिसेल, असे माझे ठाम मत आहे. त्याची कारणे या लेखात मांडतो आहे.

पहिले कारण या भूमीच्या घडणीतच आहे. धाराशिव जिल्ह्याचे क्षेत्रफळ सुमारे ७,५६९ चौरस किलोमीटर आणि वनाच्छादन एक टक्क्याच्याही आत. येडशीचे अभयारण्य जेमतेम २२ चौरस किलोमीटरचे, तर ज्या टिपेश्वरातून तो वाघ निघाला ते सुमारे १४८ चौरस किलोमीटरचे. निसर्गपट म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढे ताडोबाचे पाणवठे किंवा सह्याद्रीतले धुके येते. त्या मोजमापाने धाराशिवकडे पाहिले तर चित्रित करण्याजोगे काही नाही असेच वाटणार. पण निसर्ग फक्त झाडीत राहत नाही. बालाघाटाच्या रांगेमुळे या जिल्ह्याचे पाणी दोन दिशांना फाटते. तेरणा आणि मांजरा यांचे पाणी गोदावरीला जाते. सीना आणि बोरी भीमेमार्फत कृष्णेला मिळतात. एकाच सरीचे थेंब डोंगराच्या अल्याड पडले की पल्याड, एवढ्यावर ते कोणत्या नदीतून समुद्राला जाणार हे ठरते. खाली काळा बेसाल्ट आहे. त्याच्या भेगांत जेवढे पाणी मुरेल तेवढेच विहिरीला लागते. वर माळरान आहे. तिथे कुसळी गवत, बोरी-बाभळी, लांडगा, काळवीट, चिंकारा आणि त्याच गवतावर जगणारी शेरडे-मेंढरे. उस्मानाबादी शेळी ही देशभर नाव मिळवलेली जात याच रुक्षतेत घडली. या भूमीचे सगळे नाट्य काळाच्या ओघात उलगडते. एका आठवड्याच्या चित्रीकरणात ते दिसत नाही, कारण त्या आठवड्यात माळ एक तर पिवळा असतो किंवा हिरवा. पिवळ्याचा हिरवा कसा होतो आणि ज्या वर्षी होत नाही त्या वर्षी माणसे-जनावरे काय करतात, हे पाहायला थांबावे लागते.

आजवर या जिल्ह्यात कॅमेरे केव्हा आले ते आठवून पाहावे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेच्या भूकंपात लातूर जिल्ह्यातल्या किल्लारीबरोबर या जिल्ह्यातले सास्तूर आणि आसपासची गावे कोसळली, तेव्हा जगभरचे कॅमेरे आले. दुष्काळात आले. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून शेजारच्या लातूरला रेल्वेने पाणी पोचले, तेव्हा मराठवाड्याच्या भेगाळ जमिनीची छायाचित्रे सर्वदूर छापली गेली. सप्टेंबर २०२५ मध्ये सीनेला पूर येऊन भूम-परांड्याच्या वाड्या-वस्त्या पाण्याखाली गेल्या, तेव्हा पुन्हा आले. प्रत्येक वेळी त्यांनी दाखवलेले खरेच होते. पण नऊ वर्षांच्या अंतराने टिपलेली भेगाळ जमीन आणि पाण्यात बुडालेली शेते ही एकाच गोष्टीची दोन पाने आहेत, हे त्या दोन बातम्या शेजारी ठेवल्याशिवाय कळत नाही आणि बातमीदारीच्या रोजच्या धबडग्यात त्या शेजारी ठेवायला कोणाला सवड नसते. दुष्काळ आणि पूर यांच्या मधल्या वर्षांत बांध फुटले की राहिले, ओढे नांगरले गेले की मोकळे राहिले, विंधन विहिरी किती खोल गेल्या, हे त्या गोष्टीचे खरे मध्य आहे. भूकंपानंतर अनेक गावे मूळ जागेवरून उठून नव्या आखीव वसाहतींत गेली. तिथे जन्मलेली पिढी आता तिशीत आहे. दगडी वाड्यांना घाबरून सिमेंटच्या खोल्यांत राहायला शिकलेल्या या समाजाचे पुढे काय झाले, याला बातमीमूल्य नाही. माहितीपटाला मात्र तेच मूल्य आहे.

दुसरे उदाहरण याहून साधे, म्हणून अधिक बोलके आहे. या भागात रब्बीची ज्वारी हे पूर्वी मुख्य पीक होते. ज्वारीतून धान्याबरोबर कडबा मिळे आणि कडब्यावर बैलबारदाना, गाई-म्हशी उन्हाळा काढत. गेल्या काही दशकांत खरिपात सोयाबीन आले, पाण्याची सोय झाली तिथे ऊस आला. सोयाबीनचे भुसकट कडब्याची जागा घेऊ शकत नाही. वैरण कमी झाली, वैरणीचे दर चढले, दावणीतली जनावरे घटली, बैलांचे काम ट्रॅक्टरकडे गेले, शेणखत कमी पडू लागले आणि जमिनीचा पोत बदलला. ज्या माळावर गुरे चरत तिथे आता पवनचक्क्या उभ्या आहेत. या साखळीतला एकही दुवा दचकवणारा नाही. कोणत्याही दिवशी सकाळी उठून पाहिले तर काहीच घडलेले दिसत नाही. पण वीस वर्षांच्या अंतराने पाहिले तर एक संपूर्ण जीवनपद्धती हललेली असते. असे हळू चालणारे बदल दाखवायला सिनेमासारखे दुसरे साधन नाही. एकाच बांधावरून, एकाच कोनातून, दर हंगामात घेतलेले दृश्य सलग लावले की जे आकडेवारीच्या तक्त्यात मेलेले असते ते जिवंत होते.

हे नवे शहाणपण नाही. भारतीय सिनेमाची पहिली पायरीच अशी होती. दादासाहेब फाळके १९१२ मध्ये लंडनहून कॅमेरा घेऊन परतले, तेव्हा पौराणिक चित्रपटासाठी पैसा लावायला कोणी तयार नव्हते. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्या वाढीची चित्रे दिवसागणिक टिपत राहिले. महिनाभराची ती वाढ पडद्यावर काही क्षणांत कोंबापासून वेलापर्यंत उलगडली. ‘अंकुराची वाढ’ हा तो लघुपट पाहूनच छायाचित्रण साहित्याचे व्यापारी नाडकर्णी यांनी कर्ज द्यायची तयारी दाखवली आणि १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ आला. मराठी माणसाने केलेला सिनेमाचा हा आरंभीचा प्रयोग निसर्गपट होता, तो स्वखर्चाने केलेला होता आणि त्याचे सगळे बळ थांबून पाहण्यात होते, हे आपण फार लवकर विसरलो. चित्रपटसृष्टीचा इतिहास सांगताना आपण हरिश्चंद्रापासून सुरुवात करतो. वाटाण्याचा तो वेल तळटीपेत जातो. मला वाटते, धाराशिवसारख्या मुलखाला हवी असलेली सिनेमाची रीत त्या वेलात आहे.

या रीतीचा सर्वांत पूर्ण दाखला जपानमध्ये सापडतो. शिन्सुके ओगावा आणि त्यांचे सहकारी आधी नारिता विमानतळासाठी होणाऱ्या भूसंपादनाविरुद्ध लढणाऱ्या शेतकऱ्यांवर माहितीपट करत होते. लढ्याचे चित्रण वर्षानुवर्षे केल्यावर त्यांना जाणवले की ज्या जमिनीसाठी हे लोक भांडतात ती जमीन, ते पीक आपल्याला मुळीच ठाऊक नाही. १९७० च्या दशकात ते यामागाता प्रांतातल्या मागिनो गावी राहायला गेले, स्वतः भातशेती करू लागले आणि दहा वर्षांहून अधिक काळ तिथे राहिले. त्यातून १९८२ मध्ये फुरुयाशिकी या डोंगरातल्या गावावरचा आणि १९८७ मध्ये मागिनोवरचा असे दोन प्रदीर्घ चित्रपट निघाले. पहिल्या चित्रपटात थंड हवा डोंगरउतारावरून खाली कशी सरकते आणि कोणत्या खाचरातले भात मारते, याचा तपशीलवार अभ्यास आहे. दुसऱ्यात भाताला फुलोरा येतानाची जवळून टिपलेली दृश्ये आहेत. याच चित्रपटांत म्हातारी माणसे युद्धाच्या, रेशमाच्या, कोळशाच्या भट्ट्यांच्या आठवणी सांगतात. निसर्गविज्ञान आणि माणसाचा जीवनप्रवास यांची तिथे वेगळी खाती नाहीत, कारण हवेची झुळूक आणि म्हाताऱ्याची आठवण दोन्ही एकाच खाचरात उतरलेल्या आहेत. ही गोष्ट तेरणेच्या खोऱ्यात अशक्य आहे असे मानायला मला तरी कारण दिसत नाही.

आता आक्षेप पाहू. पहिला आक्षेप प्रेक्षकाचा: असा चित्रपट पाहणार कोण? बाहेरच्या प्रेक्षकाबाबत उत्तर सोपे आहे. सर्वनिक कौर यांचा ‘अगेन्स्ट द टाइड’ हा मुंबईतल्या दोन कोळी मित्रांवरचा माहितीपट. एक जुन्या पद्धतीने किनाऱ्याजवळ मासेमारी करतो, दुसरा कर्ज काढून खोल समुद्रात जातो. समुद्रातली मासळी आटत चालल्याची गोष्ट त्यांच्या मैत्रीच्या ताणातून उलगडते. घरगुती कोळी बोलीतला हा चित्रपट २०२३ मध्ये सनडान्स महोत्सवात विशेष ज्युरी पुरस्काराचा मानकरी ठरला. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी महाराष्ट्रातल्या जत्रांमधून फिरणाऱ्या तंबू टॉकीजमागे अनेक वर्षे घालवून ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ केला आणि २०१६ मध्ये कान महोत्सवात त्याची विशेष दखल घेतली गेली. विषय जितका एका जागेचा तितका तो दूर पोचतो, याचे हे पुरावे. पण मला महत्त्वाचा वाटतो तो घरचा प्रेक्षक. कोजागरीला पायी तुळजापूरला निघणारी लाखो पावले, गावोगावच्या जत्रा, जानेवारी २०२० मध्ये फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या अध्यक्षतेखाली धाराशिव शहरात भरलेले अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन आणि त्याला झालेली गर्दी, हे सारे पाहता इथल्या माणसाला एकत्र जमून पाहण्या-ऐकण्याची भूक नाही असे कोण म्हणेल? तंबू टॉकीज गेल्या, पडदा गेला, भूक राहिली. आपल्या शिवाराचा चित्रपट त्याच शिवारात चावडीपुढे दाखवणे हे माहितीपटाचे पहिले प्रदर्शन मानायला हवे. महोत्सव नंतर.

दुसरा आक्षेप आजच्या काळाचा आहे आणि अधिक वजनदार आहे. प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा असताना स्वतंत्र माहितीपटकार हवा कशाला? २०२५ च्या पुराचे सर्वांत जिवंत चित्रण पुरात सापडलेल्या लोकांनीच मोबाईलवर केले, हे निर्विवाद आहे. छपरावर बसलेली माणसे, वाहून जाणारी जनावरे, अंधारात ऐकू येणाऱ्या हाका, हे कोणत्याही बाहेरच्या चमूला मिळाले नसते. पण ते तुकडे व्हॉट्सअॅपवरून फिरता फिरता त्यांचे गाव गळते, तारीख गळते. आठवड्याभरात तीच फीत दुसऱ्या जिल्ह्याच्या नावाने परत येते. तुकडा पुरावा असतो, पण त्याच्या आधीचे आणि नंतरचे सोबत असेल तरच. पूर ओसरल्यावर खरवडून गेलेल्या जमिनीवर नवी माती कुठून आणली, कर्जाच्या नोटिसा केव्हा आल्या, पुढच्या मृगाला पेरणी झाली का, हे टिपायला परत यावे लागते आणि परत येण्याचा वायदा एकट्या फितीला पाळता येत नाही. मोबाईलने स्वतंत्र माहितीपटकाराचे काम संपवलेले नाही. त्याने त्याला शेकडो सहकारी दिले आहेत. ते तुकडे गोळा करणे, पडताळणे, ज्याचे आहेत त्याची परवानगी घेणे आणि अर्थपूर्ण क्रमाने लावणे हे काम अजून कोणीतरी करायचेच आहे.

तिसरा आक्षेप मला स्वतःला सर्वाधिक गंभीर वाटतो. निसर्गाच्या गोष्टीत माणसाचा वैयक्तिक प्रवास घातला की निसर्ग मागे पडतो आणि माणसाच्या भावनांचा नेपथ्यपडदा होऊन बसतो. ‘माय ऑक्टोपस टीचर’ या २०२० च्या, पुढे ऑस्कर मिळालेल्या माहितीपटावर अशी टीका झाली आहे आणि ती अगदीच निराधार नाही. आपल्याकडचे उदाहरणही आहे. २००९ मध्ये विहिरीतून काढलेल्या एका बिबट्याला जीपीएस पट्टा लावून माळशेज घाटात सोडले. तो सुमारे १२० किलोमीटर चालत बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात पोचला. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय यांच्या या कामामुळे बिबटे शेतांतून, वस्त्यांलगत, रेल्वेमार्ग ओलांडत कसे वावरतात हे प्रथमच एवढे स्पष्ट झाले. २०१४ मध्ये सुजय डहाके यांनी त्यावर ‘आजोबा’ हा चित्रपट केला. चित्रपटाने तो प्रवास अनेक लोकांना कळवला, हे त्याचे श्रेय. पण कथापटाच्या गरजेने मध्यभागी अभ्यासक आली आणि बिबट्या ज्या गावांमधून गेला त्या गावांची गोष्ट कडेला राहिली. म्हणून मी वैयक्तिक प्रवासाला एक अट घालतो. माणसाच्या प्रवासाने जमिनीबद्दलची एखादी वस्तुस्थिती उघडी होत असेल तरच त्याला पडद्यावर जागा. मेंढपाळाची भटकंती चारा कुठे उरला आहे हे सांगते, म्हणून ती हवी. ऊसतोडीला गेलेल्या घराचे सहा महिन्यांचे कुलूप पावसाबद्दल सांगते, म्हणून ते हवे. किंशुक सुर्जन यांचा ‘मार्चिंग इन द डार्क’ (२०२४) हा महाराष्ट्रातल्या शेतकरी आत्महत्यांनंतर मागे राहिलेल्या स्त्रियांवरचा माहितीपट या कसोटीला उतरतो, असे माझे मत आहे. बातमी जिथे संपते तिथून त्याचा कॅमेरा सुरू होतो आणि पिकाचे, कर्जाचे, सासरच्या जमिनीवरच्या हक्काचे प्रश्न त्या बायकांच्या एकमेकींशी होणाऱ्या बोलण्यातून येतात. दिग्दर्शकाच्या स्वतःच्या प्रवासाला तर अट आणखी कडक हवी. तो पडद्यावर आलाच तर आपले अज्ञान कोणते होते आणि ते इथल्या माणसांनी कसे दूर केले, एवढ्यापुरताच यावा.

राहिला पैशाचा प्रश्न. तो टाळून या विषयावर लिहिणे अप्रामाणिकपणाचे होईल. मुक्काम करायचा तर घर चालले पाहिजे. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ १९९७ च्या रमाबाई नगर गोळीबारापासून २०११ पर्यंत, चौदा वर्षे घडत राहिला. अशा कामाला कोणतीही वाहिनी आगाऊ पैसे देत नाही. १९४८ पासून माहितीपटांचे सरकारी घर असलेली फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. पूर्वी चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी सरकारी माहितीपट दाखवणे सक्तीचे होते. त्या सक्तीत प्रचार पुष्कळ होता, पण माहितीपट नावाची चीज गावोगावच्या माणसाला ठाऊक तरी होती. आज स्वतंत्र माहितीपटकार परदेशी निधी, महोत्सवांची बाजारपेठ, जाहिरातींची कामे आणि मित्रांची उधारी यांवर जगतो. फाळक्यांनी घरातले किडूक-मिडूक गहाण टाकले, ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. पण कलावंताच्या उपासमारीला गुण मानायची ही सवय सोडली पाहिजे. मुक्कामी माहितीपटाचा खर्च मुळात फार मोठा नसतो. छोटा कॅमेरा, चांगला ध्वनिमुद्रक, दोन माणसांचा चमू आणि तीन वर्षांची मीठभाकर एवढ्यात तो होतो. कितीतरी जास्त पैसा प्रत्येक जिल्ह्यात दिखाऊ जाहिरातफितींवर जातो. जिल्हा नियोजनाच्या निधीतून, साखर कारखान्यांच्या आणि सहकारी बँकांच्या शिक्षणनिधीतून, पवनचक्की कंपन्यांच्या सामाजिक दायित्वातून दोन-तीन तरुण माहितीपटकारांना तीन वर्षांची पाठ्यवृत्ती देता येईल. अट एकच असावी: देणाऱ्याने संपादनात हात घालायचा नाही. रॉबर्ट फ्लॅहर्टीच्या १९२२ च्या ‘नानुक’ला फरच्या व्यापारी कंपनीचा पैसा होता आणि त्यात शिकारीचे प्रसंग जुन्या हत्यारांनी मुद्दाम घडवून घेतले गेले होते, हा माहितीपटाच्या जन्मापासूनचा धडा आहे.

हे काम बाहेरच्याने करावे की इथल्याने, असाही वाद घातला जातो. माझ्या मते मुक्काम हा त्या वादाचा निकाल आहे. ओगावा मागिनोचे नव्हते. दहा पावसाळे काढल्यावर तो प्रश्न कोणी विचारत नव्हते. तरीही इथल्या मुला-मुलींचा हक्क आधी येतो. परांड्याच्या शेजारच्या करमाळ्यातून नागराज मंजुळे निघाले आणि त्यांनी याच कोरड्या पट्ट्याची बोली, रान आणि जातीची दाहकता कथापटात आणली. माहितीपटात ती वाट अजून मोकळी आहे. कळंब, उमरगा, तुळजापूर इथल्या महाविद्यालयांतून पत्रकारिता, भूगोल, प्राणिशास्त्र शिकणारी मुले आहेत. त्यांच्या हातात यंत्र आहे. त्यांच्या घरात कडब्याच्या गंजीपासून पवनचक्कीपर्यंतचा प्रवास पाहिलेली आजी आहे. त्यांना पुण्या-मुंबईच्या अभ्यासक्रमापेक्षा एका चांगल्या संपादकाचा सहवास, ध्वनीचे प्रशिक्षण आणि तीन वर्षे थांबायची मुभा हवी आहे.

तोवर प्रत्येकाला आजच करता येईल असे एक काम आहे आणि त्यासाठी हा लेख वाचणाऱ्या धाराशिवकरांना माझी विनंती आहे. सप्टेंबर २०२५ च्या पुराच्या फिती अजून अनेकांच्या मोबाईलमध्ये आहेत. मोबाईल बदलला की त्या जातील. त्या पुसू नका. प्रत्येक फितीला गावाचे, ओढ्याचे किंवा नदीचे नाव, तारीख आणि वेळ लिहून गावच्या शाळेत किंवा वाचनालयात एका हार्ड डिस्कवर ठेवा. त्याच जागेवरून येत्या मृगात, पोळ्याला, दिवाळीला आणि उन्हाळ्यात पुन्हा एकेक मिनिटाचे चित्रण करा, आणि जे कोणी पुढे चित्रपट करायला येईल त्याला ते विनाअट द्या.